शंभर उंटांचा हिशेब

कल्याणच्या दूधनाक्याजवळ राहणारे एक कुटुंब काही वर्षांपूर्वी माझ्याकडे ठाण्याच्या कोर्टात आले होते. म्हातारे सासरे, सासू, तिशीतली सून आणि तिच्या दोन लहान मुली. मोटार अपघाताच्या नुकसानभरपाईचे दावे चालवण्यात माझी बरीच वर्षे गेली आहेत, त्यामुळे कुणीतरी त्यांना माझे नाव सांगितले असावे. पण त्यांच्या पिशवीतले कागद पाहिले आणि हे प्रकरण माझ्या सवयीचे नाही हे लक्षात आले. मुलगा शारजात नोकरीला होता. रस्ता ओलांडताना एका गाडीने त्याला उडवले. तिथल्या न्यायालयाने निकाल दिला होता. अरबी निकालपत्राच्या इंग्रजी तर्जुम्यात एक शब्द तसाच ठेवलेला होता : ‘दिया’. रक्कम दोन लाख दिरहम. वारसांनी मुखत्यारपत्र द्यावे, वारसदाखला जोडावा, परराष्ट्र खात्याचे आणि वकिलातीचे शिक्के घ्यावेत आणि प्रत्येक वारसाचा हिस्सा लिहून पाठवावा, असे त्यात म्हटले होते.

हिस्सा लिहिणे मला सोपे वाटले. कुराणातले वारसाहक्काचे अपूर्णांक वकिलीच्या अभ्यासात पाठ केलेले असतात. मुले असतील तर विधवेला एक अष्टमांश, आईला एक षष्ठांश, बापालाही तेवढाच, आणि मुलगा नसून दोन मुली असतील तर त्या दोघींना मिळून दोन तृतीयांश. मी चोवीस हा छेद धरून बेरीज केली. तीन, चार, चार आणि सोळा. सत्तावीस आले. चोवीसातून सत्तावीस कसे वाटायचे? आपली चूक झाली असे समजून मी तीनदा मांडणी केली. शेवटी सासरे शांतपणे म्हणाले, “वकीलबाई, ते सत्तावीसच करायचं. आमच्या मौलवींनी सांगितलंय.”

पुढे वाचल्यावर कळले की हा इस्लामी वारसाकायद्यातला सर्वांत प्रसिद्ध दाखला आहे. चौथे खलिफा अली मिंबरावरून प्रवचन देत असताना कुणीतरी हाच प्रश्न विचारला, आणि त्यांनी प्रवचन न थांबवता उत्तर दिले की बायकोचा आठवा हिस्सा आता नववा झाला, अशी परंपरा सांगते. म्हणून त्या गणिताचे नावच ‘मिंबरिया’ पडले. म्हणजे छेदच सत्तावीस करायचा आणि सर्वांचा वाटा सारख्या प्रमाणात कमी करायचा. दोन लाखांतले सुमारे २२,२२२ दिरहम बायकोचे, आईबापांचे प्रत्येकी २९,६३०, आणि मुलींचे प्रत्येकी ५९,२५९. कूफ्यात कुणा एकाच्या मनात आलेला पेच दूधनाक्यावरच्या घराला जसाच्या तसा लागू पडला याचे मला नवल वाटले, आणि त्यानंतर मी या विषयाच्या मागे लागले.

*

आपल्या वर्तमानपत्रांत ‘ब्लड मनी’ हा शब्द येतो तो बहुधा खंडणीच्या जवळचा म्हणून. आखातात कुणा भारतीयाला फाशीची शिक्षा झाली, मग वर्गणी गोळा झाली, मग तो सुटला किंवा सुटला नाही, एवढीच बातमी असते. पैसा देऊन खून पचवता येतो असा वाचकाचा समज होतो. प्रत्यक्षात दियत (उर्दूतून आलेले हे रूप आपल्याला अधिक ओळखीचे) ही संस्था खुनापेक्षा अपघाताशी जास्त बांधलेली आहे, आणि तिचे मूळ सूड थांबवण्यात आहे.

इस्लामपूर्व अरबस्तानात टोळीतला एक माणूस मारला गेला की समोरच्या टोळीतला कोणीही मारला तरी चालत असे. मोठ्या माणसाच्या बदल्यात दोघे-चौघे मारण्याची पद्धत होती. उंट देऊन तडजोड होत असे, तीही टोळीच्या वजनाप्रमाणे. कुराणाने या चालीत तीन गोष्टी केल्या. बदला घ्यायचा तर फक्त मारणाऱ्याचा, आणि तेवढाच. त्याला ‘किसास’ म्हणतात. दुसरी गोष्ट, हा बदला सोडून देण्याची मुभा वारसांना दिली, आणि ही मुभा म्हणजे ईश्वराने दिलेली सवलत आहे असे दुसऱ्या अध्यायात सांगितले. तिसरी चौथ्या अध्यायात येते. चुकून माणूस मेला तर मारणाऱ्याने एक गुलाम मुक्त करावा, मृताच्या घरच्यांना दियत द्यावी, आणि गुलाम नसेल तर सलग दोन महिने रोजे ठेवावेत. घरच्यांनी दियत माफ केली तर गोष्ट वेगळी. रोजे मात्र माफ करणे त्यांच्या हातात नाही. तो त्या माणसाचा आणि ईश्वराचा व्यवहार.

दर ठरला शंभर उंटांचा, किंवा एक हजार सोन्याच्या दिनारांचा. दिनार सव्वाचार ग्रॅमच्या आसपासचा, म्हणजे सव्वाचार किलो सोने. हे उंटही सारखे नव्हेत. शाफई पंथात मुद्दाम केलेल्या हत्येसाठी तीस तीन वर्षे पूर्ण केलेल्या उंटिणी, तीस चार वर्षे पूर्ण केलेल्या आणि चाळीस गाभण, असा महागाचा कळप लागतो. चुकून झालेल्या मृत्यूसाठी पाच प्रकारांचे वीस-वीस, तुलनेने स्वस्तातले. आपल्याकडे खिल्लार बैलाची जोडी आणि गावठी गुरे यांत जो फरक धरतात तसाच हा. मुद्दाम केलेल्या हत्येची दियत मारणाऱ्याने स्वतःच्या खिशातून आणि ताबडतोब द्यायची. चुकीची दियत त्याच्या बापाकडच्या भाऊबंदांनी मिळून तीन वर्षांत फेडायची. या भाऊबंदांना ‘आकिला’ म्हणतात. चूक एकाची, पण भार सगळ्या घराण्यावर. म्हणजे एका माणसाचे घर बसत नाही आणि मृताचे घरही रिकाम्या हाताने राहत नाही. आज आखातात मोटारीच्या अपघाताची दियत विमा कंपनी भरते. विमा कंपनी ही आजची आकिला, असे तिथले कायदेपंडित लिहितात, आणि ते मला पटते.

पंथापंथांत फरक आहेत आणि ते आपल्या जिल्ह्यातही दिसतात. कल्याणचे, भिवंडीचे जुने कोकणी मुसलमान शाफई. भिवंडीत हातमाग आणि मग यंत्रमागावर आलेले उत्तर प्रदेशातले मोमीन हनफी. अबू हनीफांच्या मते खुनात वारसांचा मूळ हक्क किसासचा. दियत घ्यायची तर खुन्याचीही संमती हवी. शाफईंच्या मते वारस खुन्याला न विचारता दियत मागू शकतात. वारसांत अज्ञान मूल असेल तर शाफई म्हणतात, खुन्याला तुरुंगात ठेवा आणि ते मूल वयात येईपर्यंत थांबा. त्याचा निर्णय त्याच्या वतीने कुणी घेऊ नये. सौदी अरबस्तानात यामुळे माणसे दहा-पंधरा वर्षे शिक्षेच्या छायेत तुरुंगात राहिली आहेत. बाहेरून पाहिले तर ही क्रूरता आहे. त्या पोराच्या बाजूने पाहिले तर बाप गेल्यावर त्याच्याकडे उरलेला एकमेव हक्क कुणी काका-मामाने विकू नये, अशी ती तजवीज आहे.

दियत ही मृताची मिळकत मानून वारसांत वाटली जाते. यातही सुरुवातीला वाद झाला होता. दुसरे खलिफा उमर यांचे मत होते की दियत भाऊबंद भरतात तेव्हा ती भाऊबंदांनाच मिळावी, विधवेला त्यात वाटा नाही. मग दहाक नावाच्या एका माणसाने सांगितले की पैगंबरांनी आपल्याला अश्यम नावाच्या माणसाच्या विधवेला त्याच्या दियतीतला वाटा देण्याविषयी पत्र लिहिले होते. उमरांनी आपले मत मागे घेतले. दूधनाक्यावरच्या सुनेचे २२,२२२ दिरहम त्या जुन्या पत्रावर उभे होते.

*

हे सगळे परके आहे असे समजायचे कारण नाही. आपल्या धर्मसूत्रांत ते जसेच्या तसे सापडते. आपस्तंब आणि बौधायन सांगतात की क्षत्रियाला मारले तर हजार गाई, वैश्याला मारले तर शंभर, शूद्राला मारले तर दहा, आणि वर एक बैल. हे सारे ‘वैरयातनार्थ’, म्हणजे वैर फेडण्यासाठी. वेदवाङ्मयात ‘वैरदेय’ हा शब्द येतो, आणि ज्याचे मोल शंभर गाई अशा माणसाला ‘शतदाय’ म्हटलेले आहे. शंभराचा आकडा दोन्हीकडे यावा हा योगायोग असेल. गुरे पाळणाऱ्या समाजाला शंभर ही मोठी, पण गोळा करता येण्याजोगी संख्या वाटत असावी. फरक एवढाच की आपल्याकडे मोल वर्णावर ठरले.

पेशवाईत काय होते? माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखाविषयी १८१९ मध्ये जो अहवाल लिहिला त्यात त्याने नोंदवले आहे की खुनाला, तो फार अघोरी नसेल तर, सहसा देहांत शिक्षा होत नसे, दंडावर भागत असे. वाटमारीला मात्र ती होई, कारण वाटमारी करणारे बहुधा खालच्या जातींतले असत. एल्फिन्स्टनच्या लिहिण्यात विजेत्याचा चष्मा आहे हे धरले तरी हे वाचताना मला अवघडल्यासारखे झाले.

पुढे इंग्रजांनी रक्ताच्या मोबदल्याचा शेवट केला. बंगालमध्ये त्यांना मोगलांकडून हनफी फौजदारी कायदा वारशात मिळाला होता. खुनाचा खटला चालायचा की नाही हे मृताच्या नातेवाइकांनी ठरवायचे, ही कल्पना कॉर्नवॉलिसला सहन होईना. १७९० मध्ये त्याने वारसांचा माफीचा हक्क काढून घेतला. १७९७ मध्ये दियतीच्या जागी कैद आली. आपल्याकडे साष्टी आणि ठाण्याचा किल्ला १७७४ च्या अखेरीस इंग्रजांच्या हाती गेला. मुंबई इलाख्यात बराच काळ हिंदूला हिंदूंच्या आणि मुसलमानाला मुसलमानांच्या फौजदारी नियमाने शिक्षा देण्याचा प्रघात होता. तोही १८२७ च्या संहितेने संपला, आणि त्या वेळी गव्हर्नर होता तोच एल्फिन्स्टन. १८६२ पासून भारतीय दंड संहिता लागू झाली आणि खून हा सरकारविरुद्धचा गुन्हा झाला. तेव्हापासून खुनाच्या खटल्याच्या नावात एका बाजूला सरकार असते, दुसऱ्या बाजूला आरोपी. ज्याचा माणूस गेला तो साक्षीदार होतो. त्याला समन्स येते, तारखेला उभे राहावे लागते आणि साक्ष झाली की त्याचे काम संपते.

खून हा आपल्या कायद्यात आपसात मिटवता येत नाही. पण ठाण्याच्या सत्र न्यायालयाच्या व्हरांड्यात चार वर्षे काढलेल्या कुणालाही विचारा, मिटवामिटवी होत नाही का? होते. साक्षीदार फितूर होतात. कधी भीतीने, कधी पैशाने, कधी दोन्हींनी. कागदावर नसलेली ती दियतच. फक्त तिचा दर ठरलेला नाही, विधवेचा वाटा ठरलेला नाही आणि लहान मुलांच्या वतीने कोण बोलला ते कुणी विचारत नाही.

*

माणसाच्या मृत्यूचे पैशात मोल करणे आम्हा अपघाती दाव्यांच्या वकिलांचे रोजचे काम आहे, त्यामुळे मला उंटांची गंमत वाटत नाही. आपली पद्धत सांगते. समजा, डोंबिवलीचा चोवीस वर्षांचा अविवाहित मुलगा, महिना वीस हजारांची नोकरी कायम नसलेली, शिळफाट्यावर ट्रकखाली गेला. सर्वोच्च न्यायालयाच्या २००९ च्या सरला वर्मा आणि २०१७ च्या प्रणय सेठी या निकालांप्रमाणे पगारात भविष्यातल्या वाढीचे चाळीस टक्के मिळवायचे. अठ्ठावीस हजार झाले. अविवाहित म्हणून निम्मे तो स्वतःवर खर्च करील असे धरून वजा करायचे. उरले चौदा हजार. त्याला बारा महिन्यांनी गुणायचे आणि मग वयाप्रमाणे ठरलेल्या गुणकाने. पंधरा ते पंचवीस वयाला गुणक अठरा. तीस लाख चोवीस हजार. अंत्यविधीचे पंधरा हजार, मिळकतीच्या नुकसानीचे पंधरा हजार. सहवास गमावल्याबद्दल चाळीस हजार, आणि तीन वर्षांनी त्यात दहा टक्के वाढ. हा सहवासाचा हक्क पूर्वी प्रामुख्याने नवराबायकोपुरता असे. २०१८ मध्ये न्यायालयाने तो आईबापांना आणि मुलांनाही दिला.

म्हणजे दुःखाची किंमत चाळीस हजार आणि बाकीची सगळी पगाराची. त्याच ट्रकखाली महिना दोन लाख मिळवणारा सॉफ्टवेअर अभियंता गेला असता तर आकडा दसपट. घरकाम करणारी आई गेली तर तिचा पगार किती धरायचा यावर सर्वोच्च न्यायालयाला पुन्हा पुन्हा निकाल द्यावे लागले. माझ्या अशिलांपैकी एक बाई मला म्हणाल्या होत्या, “मॅडम, माझा पोरगा हुशार होता हे सिद्ध करायला मला त्याच्या मार्कशीटा आणायला लावल्या. हुशार नसता तर कमी मेला असता का?” याचे उत्तर माझ्याकडे नव्हते, अजूनही नाही.

दियतीत ही मार्कशीट लागत नाही. शारजाच्या रस्त्यावर मेलेला हमाल आणि व्यापारी, दोघांचे दोन लाख दिरहम. इथे ती पद्धत आपल्यापेक्षा न्याय्य वाटते. पण तिच्या घरात दुसरी विषमता आहे. चारही सुन्नी पंथांच्या बहुमताने स्त्रीची दियत पुरुषाच्या निम्मी. हनफी सोडून इतर पंथांत बिगरमुसलमानाची कमी. सौदी अरबस्तानात २०११ मध्ये अपघाती मृत्यूची दियत एक लाखावरून तीन लाख रियाल झाली. ख्रिस्ती आणि ज्यू पुरुषाला त्याच्या निम्मी, आणि हिंदूसाठी वर्षानुवर्षे सांगितला जाणारा आकडा ६,६६६ रियाल. हा विचित्र आकडा आला कुठून ते मी बरेच दिवस शोधत होते. जुन्या ग्रंथांत मुसलमानाची दियत बारा हजार दिरहम आणि अग्निपूजकाची आठशे. म्हणजे पंधरावा हिस्सा. एक लाखाचा पंधरावा हिस्सा ६,६६६. हनफी मात्र प्रथमपासून मुसलमान राज्यात राहणाऱ्या बिगरमुसलमान प्रजाजनाची दियत पूर्ण धरत आले आहेत. इराणने २००३ च्या अखेरीस ख्रिस्ती, ज्यू आणि पारशी यांची दियत बरोबरीला आणली. म्हणजे बदल अशक्य नाही, आणि धर्मग्रंथाच्या चौकटीत राहूनही तो करता येतो.

आपल्याकडे सगळ्यांना एकच दर असलेली एक जागा आहे, आणि कल्याण-डोंबिवलीकरांना ती फार जवळची आहे. लोकलमधून पडून मेल्यास रेल्वे दावा न्यायाधिकरणाकडून मिळणारी भरपाई १ जानेवारी २०१७ पासून आठ लाख आहे. त्याआधी चार लाख होती. पास खरा असला की पुरे, पगार विचारत नाहीत. मुंब्र्याच्या वळणावर ९ जून २०२५ रोजी गर्दीच्या गाड्यांच्या दारांतून माणसे पडली, तेव्हा डब्याच्या दारात लोंबकळणाऱ्या सगळ्यांची किंमत कायद्याने सारखीच होती. रूळ ओलांडताना गाडीखाली गेलेल्याला मात्र यातले काही मिळत नाही. शंभर उंटांच्या सर्वांत जवळ जाणारी आपली व्यवस्था हीच असावी. फक्त इथे कोणी माफी मागत नाही, त्यामुळे माफ करण्याचाही प्रश्न येत नाही.

*

माफीचा प्रश्न आला की दियतीचे खरे ओझे दिसते, आणि ते मृताच्या घरावर पडते.

केरळची परिचारिका निमिषा प्रिया हिला येमेनमध्ये तलाल अब्दो महदी याच्या २०१७ मधल्या खुनाबद्दल देहांताची शिक्षा झाली. १६ जुलै २०२५ ही तारीख ठरली होती. आदल्या दिवशी ती पुढे ढकलली गेली. केरळातले वयोवृद्ध धर्मगुरू कांथापुरम अबूबकर मुसलियार यांनी येमेनमधल्या विद्वानांना गळ घातली होती. निमिषाची आई आधीच साना येथे जाऊन राहिली होती. आपल्याकडे तिच्याविषयी खूप लिहिले गेले, आणि ते योग्यच होते. पण तलालच्या भावाने जाहीर सांगितले की आम्हाला पैसा नको, किसास हवा. आणि आमच्या माणसाला भारतीय माध्यमांनी खलनायक करून टाकले याचेही दुःख आहे. हे वाक्य आपल्या चर्चांतून पटकन वगळले गेले. किती कोटी द्यावे लागतील, एवढेच आपण मोजत राहिलो. जणू त्या घराने नकार द्यायचा नसतोच. पण दियत हा हक्क असेल तर नकारही हक्क आहे, आणि ज्या कायद्याकडे आपण दयेची याचना करतो त्याच कायद्याने तो दिलेला आहे.

दुसरे उदाहरण अब्दुल रहीमचे. कोझिकोडचा हा तरुण २००६ मध्ये रियाधला घरगुती चालक म्हणून गेला. ज्या अपंग मुलाला तो गाडीतून नेत असे त्याच्या श्वासाचे उपकरण निसटले आणि मुलगा गेला. रहीमला देहांताची शिक्षा झाली. घरच्यांनी शेवटी दीड कोटी रियाल मागितले, आणि एप्रिल २०२४ मध्ये केरळने चौतीस कोटी रुपये उभे केले. देहांत रद्द झाला, पण रहीम लगेच सुटला नाही. सौदी कायद्यात खुनाचे दोन हक्क असतात : घरच्यांचा खासगी आणि समाजाचा सार्वजनिक. घरच्यांनी आपला सोडला. सार्वजनिक हक्कापोटी न्यायालयाने २०२५ मध्ये वीस वर्षांची कैद दिली, भोगलेली वर्षे धरून. पैशाने खून पुसला जात नाही, हे तिथल्या न्यायाधीशांनी आपल्यापेक्षा स्पष्ट सांगितले.

हा दुसरा हक्क दुबळा राहिला की काय होते ते पाकिस्तानात दिसते. तिथे १९९० मध्ये किसास आणि दियतीचा वटहुकूम निघाला आणि खून पुन्हा घरचा मामला झाला. मुलीला भावाने मारावे आणि बापाने वारस म्हणून मुलाला माफ करावे, हे घडू लागले. मारणारा आणि माफ करणारा एकाच ताटात जेवणारे. कंदील बलोच हिला जुलै २०१६ मध्ये भावाने गळा दाबून मारले. बापाने आधी सांगितले, माफ करणार नाही. त्याच वर्षी कायदा बदलला : घराण्याच्या अब्रूसाठी केलेल्या खुनात वारसांनी माफ केले तरी जन्मठेप. भावाला २०१९ मध्ये ती झालीही. २०२२ मध्ये उच्च न्यायालयाने त्याला सोडले. साक्षी फिरल्या होत्या आणि आईने माफ केले होते. एक मूल गेले, दुसरे तुरुंगात. त्या आईने काय करायला हवे होते, हे सांगायला मी धजणार नाही. पण तिला विचारायलाच नको होते, एवढे म्हणेन. एका आईच्या सहीवर हा भार टाकणारा कायदा दयाळू नसतो.

आणि तरीही इराणमधल्या नौशहरची ती बाई डोळ्यांसमोरून जात नाही. एप्रिल २०१४. तिच्या मुलाला रस्त्यावरच्या भांडणात भोसकणारा तरुण फासाखाली उभा होता. खुर्ची ढकलण्याचा हक्क तिचा होता. तिने पुढे होऊन त्याच्या थोबाडीत मारली, आणि मग नवऱ्याबरोबर त्याच्या गळ्यातला फास सोडवला. तिचा आणखी एक मुलगा आधी अपघातात गेला होता. आपल्या कुठल्याही न्यायालयात तिला त्या तरुणाच्या इतक्या जवळ जाता आले नसते. थोबाडीत मारता आली नसती, हे तर नक्कीच.

*

दूधनाक्यावरच्या कुटुंबाचे कागद पुरे होत आले तेव्हा सासरे एकटेच परत आले. गाडी चालवणारा एक गरीब घरचा पोरगा आहे असे त्यांना शारजातल्या ओळखीच्यांकडून कळले होते. त्यांना त्याला माफ करायचे होते. मी त्यांना समजावले, “चाचा, तुम्हाला फक्त तुमचे चार भाग माफ करता येतील, सत्तावीसातले. पोरींचे सोळा भाग तुम्ही किंवा त्यांची आई सोडू शकत नाही. त्या अज्ञान आहेत. सुनेचे तीन तिचे तिने ठरवायचे. आणि हे पैसे त्या पोराच्या खिशातून जातच नाहीत. विमा कंपनी भरते. तुम्ही माफ केलंत तर कंपनीचे वाचतील.”

ते बराच वेळ बसून राहिले. कोर्ट नाक्यावरून दुपारच्या बसांचे आवाज येत होते. मग त्यांनी मुखत्यारपत्रावर सही केली, पूर्ण हिश्श्याची, आणि आपले चार भाग नातींच्या नावे बँकेत ठेवायला सांगितले. उठताना त्यांनी विचारले की त्या पोराला कागदाबरोबर एक चिठ्ठी पाठवता येईल का. माझ्या टायपिस्टला त्यांनी दोन ओळी सांगितल्या. पहिलीत आपल्या मुलाचे नाव होते. दुसरीत विचारले होते की दोन महिन्यांचे रोजे तू ठेवलेस का, आणि ठेवले नसशील तर या थंडीत ठेव, दिवस लहान असतात.